छत्तीस गेली, सेहेचाळीस राहणार!

मालिकेचा शेवटचा भाग काल सगळ्या गावाने पाहिलाय, आणि तुम्हाला तो ऐकायचा नसेल, तर दिवसभर लपायला जगात एकच जागा आहे. दातांचा दवाखाना! तिथे येणारा प्रत्येक जण तोंड उघडतो, पण बोलत कुणीच नाही. आणि दवाखाना माझाच! त्यामुळे बायको बहिणीच्या बाळाला बघायला निघाली, तेव्हा मी छाती फुगवून म्हणालो, "तू बिनघोर जा. तू आल्याशिवाय शेवटचा भाग मी बघणार नाही."

"शपथ?"

"शपथ! आणि मला कोण सांगणार? सगळ्यांच्या तोंडात मी कापूस कोंबून ठेवलेला असतो!"

आता मालिका कसली ते सांगतो. एक उंच इमारत. तिच्यात अठ्ठेचाळीस माणसं कोंडलेली. नावं कुणालाच नाहीत, पाठीवर नुसते नंबर. प्रत्येक मजल्यावर एक खेळ. जो हरेल त्याच्या पायाखालची फरशी सरकते आणि तो जातो. खाली काय आहे ते कधी दाखवलं नाही, पण पुन्हा वर कुणी आलं नाही! गच्चीवर पोचणार फक्त एक जण. तो कोण, आणि कसा, यावरून घरोघरी जेवणं थंड होत होती.

शेवटच्या मजल्यावर दोघे उरले होते. सेहेचाळीस नंबर म्हणजे एक पैलवान. मान कुठे संपते आणि खांदा कुठे सुरू होतो ते पत्त्याशिवाय सापडू नये असा! आणि छत्तीस नंबर म्हणजे कपडे शिवणारी एक किडकिडीत बाई. पहिल्या भागात तर मला वाटलं होतं, ही कुणाचा तरी डबा द्यायला आली आणि चुकून आत अडकली.

मी पहिल्याच दिवशी भाकीत केलं होतं, "सेहेचाळीस जगणार! जबडा बघ त्याचा. ज्याचा चावा पक्का तो टिकतो. हे माझं शास्त्र आहे."

"छत्तीस जगणार," बायको म्हणाली. "ती घाबरते, पण आधी बघते आणि मग हलते. बाकीचे आधी हलतात."

पैज लागली. हरणाऱ्याने वर्षभर, कुठल्याही वादात, पहिलं वाक्य म्हणायचं, 'तुझंच बरोबर.' तुम्हाला गंमत वाटत असेल. पण आमच्या घरात हे वाक्य अजून जन्मालाच यायचं होतं! त्यामुळे मामला जिवावरचा होता.

सकाळी जिन्यात शेजारी भेटले. "काय हो, काल पाहिलंत का?" एवढं त्यांनी म्हणेपर्यंत मी कानात बोटं घालून चार पायऱ्या एका उडीत उतरलो. शेजाऱ्यांना वाटलं मला कुत्रं चावायला आलं. तेही माझ्यामागे पळाले! पण दवाखाना गाठला आणि दार लावलं. सुटलो!

सुटलो कसला? खरी पंचाईत तिथेच सुरू झाली. पहिली बाई खुर्चीत बसली ती सुजलेल्या डोळ्यांनी. मी कापूस भरताना विचार करतोय, हे रडणं दाढेचं की पैलवानाचं? पुढचा गृहस्थ हिरड्यांतून रक्त येत असताना गालातल्या गालात हसत होता. माणूस आपल्या हिरड्यांवर खूश होऊन हसत नाही. म्हणजे त्याचा नंबर जिंकला! पण कुठला? मी त्याच्या तोंडात इतका वेळ डोकावत राहिलो, जणू शेवट तिथे पडजिभेमागे लिहून ठेवलाय! सगळ्या जगाच्या पोटात ती गोष्ट होती आणि मी बिचारा तोंडापाशी उभा होतो.

दुपार होता होता माझ्या डोक्यात एक नामी विचार आला. मी शपथ कशाची घेतली होती? बघणार नाही, याची. विचारणार नाही, असं कुठे म्हणालो होतो?

आणि नेमके तेव्हाच सासरे आले. सोबत सासूबाई. त्या बाहेर बाकावर बसल्या, आणि सासरे खुर्चीत.

आमचे सासरे जन्मभर क्रिकेटचे पंच. निवृत्त झाले तरी पंचगिरी सुटलेली नाही. घरात कुणाचा पापड मोडला तरी आधी दोन पावलं मागे सरून, नीट बघून निर्णय देतात. बोलणं कमी, हातवारे जास्त. त्यांची खालची उजवी मोठी दाढ ठणकत होती. रूट कॅनाल करून ती वाचवायची, असं आमचं ठरलं होतं.

इथे एक गोष्ट सांगायला हवी. आम्हा दातवाल्यांच्यात प्रत्येक दाताला नंबर असतो. सासऱ्यांच्या त्या दुखऱ्या दाढेचा नंबर सेहेचाळीस. आणि तिच्या बरोब्बर समोरची, डावीकडची, ठणठणीत दाढ, तिचा नंबर छत्तीस. योगायोग! मी काय करू?

मी भूल दिली, कापूस ठेवला, थुंकी ओढायची नळी ओठात अडकवली. उजवा गाल बधिर होईपर्यंत थांबायचं होतं. खोलीत आम्ही दोघेच. माझ्याने राहवेना. मी दबक्या आवाजात विचारलं, "बाबा, तुम्ही बघितलंच असेल. फक्त खूण करा. छत्तीस गेली का?"

सासऱ्यांचे डोळे गोल झाले.

नंतर कळलं, त्यांनी ती मालिका आयुष्यात कधी पाहिली नव्हती. दातांचा डॉक्टर आपल्या तोंडावर वाकून 'छत्तीस गेली का' म्हणतोय, म्हणजे आणखी एक दाढ किडली, असंच कुणालाही वाटणार! ते घाबरले. माझी एकच दाढ दुखते, एकच, हे सांगायला त्यांनी हात वर केला आणि एक बोट दाखवलं. ताठ, सरळ, आभाळाकडे.

पंचाचं वर गेलेलं बोट! याचा अर्थ काय ते शेंबडं पोरसुद्धा सांगेल!

"आऊट?" मी ओरडलो. "छत्तीस आऊट?"

सासरे आणखी जोरात बोट हलवायला लागले. एकच! एकच!

"छत्तीस गेली!" मी आनंदाने जागच्या जागी उडी मारली. "छत्तीस गेली, सेहेचाळीस राहणार! मी म्हणत नव्हतो?"

हे मी जरा मोठ्यांदा म्हणालो असेन. पलीकडच्या खोलीत ताई उपकरणं धूत होत्या. ताई म्हणजे आमच्या मदतनीस. बाई कामाला इतक्या तत्पर, की मी 'चिमटा' म्हणायच्या आत चिमटा माझ्या हातात असतो. शिंक आली तर रुमाल आधी! त्यांनी ऐकलं आणि त्या लगेच कामाला लागल्या.

तेवढ्यात फोन वाजला. बायको! "आलोच हं, बाबा," म्हणून मी फोन घेऊन मागच्या जिन्यात पळालो.

"काय करतोयस?" बायको म्हणाली.

"काही नाही! काही नाही! मी काहीच विचारलं नाही कुणाला!"

"मी कुठे म्हटलं विचारलंस म्हणून?"

"तेच तर! बाळ कसं आहे? दात आले का?"

"चार दिवसांचं आहे ते!"

इकडे मी जिन्यात असा तारे तोडत होतो, आणि तिकडे दवाखान्यात सर्जनबाई येऊन पोचल्या होत्या. दात उपटायचं काम मला झेपत नाही. समोरचा कळवळला की मीही कळवळतो. म्हणून त्यासाठी या बाई येतात. हात धुता धुता त्यांनी ताईंना विचारलं, "आज काय आहे माझ्यासाठी?"

"हे काका," ताई म्हणाल्या. "सर आत्ताच बोलले, छत्तीस जाणार, सेहेचाळीस राहणार. तयारी करून ठेवलीय."

बाईंनी डोकावून बघितलं. "छत्तीस? ही तर चांगली दिसतेय हो."

"अं! अं! अंऽऽ!" सासरे म्हणाले. एक बोट वर.

"हो काका, एकच काढायची. घाबरू नका," म्हणत बाईंनी डाव्या बाजूलाही भूल देऊन टाकली. "ताई, पण काढायच्या आधी एक्सरे दाखवा बघू मला."

ताई एक्सरे आणायला वळल्या, बाई हातमोजे चढवायला वळल्या, आणि सासऱ्यांनी संधी साधली. खेळपट्टीवर बैल घुसल्यावर पंच जसे पळतील तसे ते खुर्चीतून उठले आणि गळ्यातल्या फडक्यासकट, ओठात लोंबकळणाऱ्या नळीसकट बाहेरच्या खोलीत आले. आता दोन्ही गाल बधिर, जीभ म्हणजे कुणीतरी तोंडात विसरलेली चप्पल! ओठ लोंबलेला, लाळ गळतेय, आणि एक बोट वर.

"अहो!" सासूबाईंनी किंकाळी फोडली. "काय झालं तुम्हाला? बोला ना!"

"थत्तीथ!" सासरे म्हणाले. "थांदली आथे! थांदली!"

छत्तीस चांगली आहे, असं त्यांना म्हणायचं होतं. पण सासूबाईंनी त्यांचं तोंड पाहिलं आणि ठरवून टाकलं, लकवा! बाकावरचे पेशंट उठले. कुणी वारा घालायला लागलं, कुणी पाय चोळायला लागलं, आणि ज्याची दाढ दुपारपासून ठणकत होती तो बघता बघता बरा होऊन घरी निघून गेला. सासूबाईंनी लेकीला फोन लावला.

"थांब हं," बायको मला म्हणाली, "आईचा फोन येतोय."

मी जिन्यात निवांत. पैज जिंकलो होतो! वर्षभर 'तुझंच बरोबर' ऐकायचं होतं! भिंतीला टेकून शीळ घालत होतो, तोच बायको परत आली ती ओरडतच.

"बाबांना लकवा झालाय! तुझ्या दवाखान्यात! आणि तू जिन्यात उभा राहून बाळाचे दात काय विचारतोयस?"

मी धावत वर गेलो. आत सासरे बाकावर आडवे, सासूबाई त्यांचं डोकं मांडीवर घेऊन बसलेल्या, आणि सर्जनबाई हातात एक्सरे घेऊन उभ्या.

"डॉक्टर," त्या म्हणाल्या, "ही दाढ दगडासारखी मजबूत आहे. हिला काढायला कुणी सांगितलं?"

"कुणी?" मीही रागावून विचारलं.

"तुम्हीच, सर!" ताई म्हणाल्या. "तुम्हीच ओरडलात. छत्तीस गेली, सेहेचाळीस राहणार! उडीसुद्धा मारलीत!"

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. सासूबाईंनी जसं पाहिलं तसं आमच्या लग्नात हार घालताना मी नवरीच्या पायावर पाय दिला, तेव्हासुद्धा पाहिलं नव्हतं. क्षणभर विनोद वगैरे सगळं पळालं. सासऱ्यांचा चांगला दात मी खरोखरच घालवला असता! मी त्यांच्यासमोर उकिडवा बसलो. "बाबा, चुकलो. ते दाढांचं नव्हतं. ते मालिकेचं होतं. शेवट काय झाला ते मी तुम्हाला विचारत होतो."

मग सर्जनबाई एवढ्या मोठ्याने हसल्या की भिंतीवरचा जबड्याचा तक्ता हलला.

"पण डॉक्टर, छत्तीस गेलीच नाही! तीच तर वाचली!"

"नका!" मी कानांवर हात ठेवले, पण बाई कुठल्या थांबतात!

"शेवटचा खेळ गप्प बसायचा होता. जो पहिला बोलेल तो जाणार. दोघं समोरासमोर बसलेली. दोन दिवस झाले, कुणी ब्र काढेना. आणि मग त्या बाईला शिंक आली. शिंक चालते, ते बोलणं नव्हे. पण तो पैलवान बिचारा चांगल्या घरचा! पटकन म्हणाला, 'बरं वाटत नाही का?' संपलं! फरशी सरकली. ती गच्चीवर गेली खरी, पण जिंकल्यावरसुद्धा एक शब्द बोलली नाही हो!"

बाकावरच्या बायकांनी पदराने डोळे टिपले. ताईंनी नाक ओढलं. आणि मी जबड्याच्या तक्त्याकडे पाठ केली. एवढा सभ्य माणूस, आणि मी त्याचा जबडा मोजत बसलो होतो!

तेवढ्यात आडवे पडलेले सासरे उठून बसले. "तोन?" ते म्हणाले. "तोन ही थत्तीथ?"

भूल उतरायला संध्याकाळ झाली. तोवर मी सासूबाईंच्या हातापाया पडलो, की लेकीला नंबरांची गल्लत झाली एवढंच सांगा, मी शेवट विचारला हे सांगू नका. त्या कबूल झाल्या. पण सासऱ्यांनी अट घातली. "जावईबापू, जिच्यापायी माझी दाढ जात होती, ती बाई मला बघायचीय." सेहेचाळीसचं काम मी दुसऱ्या दिवशी केलं. पूर्ण वेळ ओठ मिटून!

रविवारी बायको आली. आल्या आल्या म्हणाली, "चल, लाव शेवटचा भाग. कधीपासून वाट बघतेय!" मीही हात चोळत म्हणालो, "मी तर पार कासावीस झालोय!" आम्ही दोघं सोफ्यावर बसलो. सासरे मध्ये. सासूबाई आत चहा करत होत्या.

सासऱ्यांना सगळंच नवीन. "ही काय शिवते?" "हा एवढा आडदांड, मग घाबरलाय कशाला?" "नियम काय? पंच कुठाय?" बायको दर प्रश्नाला शांतपणे उत्तर देत होती. मग शेवटच्या खेळाची खोली आली. ते दोघं समोरासमोर बसले. गप्प. सासरेही गप्प झाले आणि पुढे सरकून बसले.

मी पडद्याकडे बघत होतो, पण मला दिसत होता तो फक्त पैलवानाचा चांगुलपणा. नको रे बोलूस, असं मनात म्हणेपर्यंत माझे डोळे भरून आले. मी हळूच रुमाल काढला. बघतो तर काय, पलीकडे बायकोचा रुमाल आधीच नाकाला!

मी तिच्याकडे पाहिलं. तिने माझ्याकडे पाहिलं. दोघांनीही घाईघाईने मान पडद्याकडे वळवली.

आणि मग कुठे पडद्यावरच्या त्या बाईला शिंक आली.

सासऱ्यांनी एकदा पडद्याकडे बघितलं, एकदा लेकीकडे, एकदा माझ्याकडे. दोन पावलं मागे जायला जागा नव्हती, म्हणून ते सोफ्यात मागे रेलले.

"शिंक तर आत्ता आली," ते म्हणाले. "तो अजून बोललासुद्धा नाही. मग तुम्ही दोघं आधीपासून का रडताय?"

"सर्दी!" आम्ही दोघं एकदमच म्हणालो.