पाचशे मीटरवरची फक्की

बापू साळवी घरात आले की आधी उंबऱ्यापासून खुर्चीपर्यंतचं अंतर सांगतात, मग बसतात. मागच्या खेपेस नऊ फूट होतं, आज साडेनऊ कसं, हेही विचारतात. खुर्ची मीच सरकवलेली असते, केर काढताना. पण तीस वर्षं शाळेत पोरांच्या चुका काढल्यावर कोणी माझी चूक काढलेली मला खपत नाही.

भूमापन खात्यात उभी नोकरी झाली त्यांची. बायको जाऊन अकरा वर्षं झाली, मुलगा बोटीवर. निवृत्त झाले तरी मोजणीचा फिता काही खांद्यावरून उतरला नाही. पावसच्या बाजाराला जाताना वाटेतल्या हद्दीच्या जांभ्याच्या गडग्यांना हात लावत जातात आणि "हा सरकलाय" म्हणून पुटपुटतात. कुठेही वाद झाला की "मोजून घ्या" म्हणायचं, आणि वाद मिटला असं समजायचं.

आमच्या समोर कुंदा राहते. तिच्या नवऱ्याला त्याच्या चुलतभावानं, रघूनं, आंब्याच्या कलमांच्या हद्दीवरून कोयतीनं ठार मारलं. तिच्या डोळ्यांदेखत. बघणारी ती एकटीच. खटला काही उभा राहीना, आणि रघूला जामीन मिळाला. वाडीत एकच ओरड, सुटला म्हणून. बापूंनी हुकमाची प्रत आणून वाचली आणि सगळ्यांना गप्प केलं. सुटलेला नाही, अटी आहेत. साक्षीदारावर दबाव आणायचा नाही, कुंदाच्या घराच्या पाचशे मीटरच्या आत पाऊल टाकायचं नाही.

पण पाचशे मीटर म्हणजे कुठवर? बापू दुसऱ्या सकाळी फिता घेऊन निघाले. दुसरं टोक धरायला मी, या वयात, भर उन्हात! तिन्ही वाटांवर चुन्याची फक्की ओढून झाली. वर रघूला रजिस्टर पत्र. लगतवाल्याला नोटीस दिल्याशिवाय हद्द कायम होत नाही, ही म्हणे खात्याची रीत.

चौथ्या दुपारी रघू आला. सड्यावरच्या वाटेला, उंच कातळावर, फक्कीच्या पलीकडे, चपलांची टोकं रेषेला लावून उभा राहिला. तिथून कुंदाचं अंगण सरळ दिसतं. तासभर तिच्या दाराकडे बघत राहिला आणि गेला. दुसऱ्या दिवशी तसंच, तिसऱ्या दिवशीही. कोणी हटकलं तर हसून विचारायचा, "आत आलोय का?" वारा पडलेला, माडाची झावळी हलत नाही, आणि तो तिथे. वाडीतली कुत्रीसुद्धा भुंकेनाशी झाली. तो गेल्यावरही त्या जागेकडे बघायचा मला धीर होत नसे.

कुंदानं दार लावून घेतलं. सरकारी वकिलांचा निरोप आला की असं उभं राहणं हीसुद्धा धमकीच आहे, तू लेखी दे, जामीन रद्द करायला अर्ज करू. ती नको म्हणाली. साक्षही द्यायची नाही म्हणाली.

मी बापूंवर भडकले. नीट उभं राहायला जागा आखून दिलीत त्याला, म्हटलं. ते दुसऱ्या दुपारी स्टूल घेऊन गेले आणि फक्कीच्या अलीकडे, रघूच्या तोंडासमोर जाऊन बसले. असे आठ दिवस. दोघं एकमेकांकडे बघत, मध्ये बोटभर चुना.

नवव्या दिवशी मी त्यांना घरी आणायला निघाले. मागे चाहूल लागली म्हणून वळले, तर कुंदा. आम्ही पोचलो तेव्हा बापू स्टुलावर आणि समोर रघू, तसेच. कुंदाला पाहून त्यांचा बांधच फुटला.

"तुमच्या कलमांची हद्द मीच मोजलेली गो. बरोबर होती. तुझा नवरा गेल्यावर तीनदा जाऊन परत मोजली. बरोबरच येते. तरी माणूस गेला. हे कोणाला सांगू मी?"

मला रडू आवरेना. कुंदानं मान वर करून रघूकडे पाहिलं. मग बापूंच्या काखेत हात घालून त्यांना उठवलं.

"काका, तुमचं काही चुकलं नाही. वकिलांकडे चला, मी सही करते. साक्षही देते."

आम्ही तिघं निघालो. मागे रघू तसाच उभा असणार, पण वळून बघायची माझी हिंमत झाली नाही. थोडं चालल्यावर बापूंनी दबकत विचारलं, "साक्षीच्या दिवशी मला बरोबर नेशील? मी मागे गप्प बसेन. घरात एकट्याला दिवस काढवत नाही गो."

"मागे नको," कुंदा म्हणाली. "मला दिसाल असे बसा."