विषय : क्रिकेटचे लायसन्स परत मिळणेबाबत

शुक्रवारी सकाळी अकराच्या सुमारास शामराव तांबे रेशनिंग ऑफिसातून घरी आले ते छाती पुढे काढूनच. लग्न होऊन दोन वर्षं हैदराबादला राहणाऱ्या मुलीचं, अक्षताचं, नाव त्यांनी रेशनकार्डावरून कमी करून आणलं होतं, आणि तेही एका फेरीत! चौतीस वर्षं सरकारी लायसन्स खात्यात खुर्ची उबवलेल्या माणसालाच एका फेरीची किंमत कळते. (त्यांच्या टेबलावर एका फेरीत कुणाचंच काम झालं नव्हतं.)

तिथेच थांबले असते तर सगळं ठीक होतं. पण एक काम फत्ते झालं की शामरावांचे हात शिवशिवायला लागतात.

घरात कुणी नव्हतं. बकुळाबाई दादरच्या बाजारात गेल्या होत्या, कारण संध्याकाळी पाच वाजता घरी फायनल होती. क्रिकेटची. परळच्या त्यांच्या टॉवरमध्ये, म्हणजे पूर्वीच्या चाळीतच पण उभ्या, सहा बायकांनी मिळून ही टूर्नामेंट चालवली होती. टीव्हीला जोडलेला गेमचा डबा अक्षताने पहिल्या पगारातून घेतलेला. लग्नानंतर तिने तो नेला नाही. पुढे बकुळाबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं, तीन महिने घरी बसायची पाळी आली, तेव्हा अक्षताने व्हिडिओ कॉलवरून आईला खेळायला शिकवलं. आयुष्यभर हॉस्पिटलात इंजेक्शनं देऊन बकुळाबाईंचा अंगठा असा तयार झाला होता की पहिल्याच आठवड्यात त्यांनी सेंच्युरी ठोकली. आज त्यांची गाठ तिसऱ्या मजल्यावरच्या सुभद्रा सावंतांशी होती. वय एकाहत्तर, आणि स्पिन अशी टाकायच्या की टीव्हीसुद्धा गोंधळायचा.

"एवढ्या बायका यायच्या, जरा धूळ तरी पुसू," असं म्हणून शामरावांनी डबा पुसला. पुसता पुसता बटण दाबलं गेलं आणि टीव्हीवर दोन नावं आली. अक्षता. बकुळा.

शामरावांच्या कपाळावर आठी पडली. "हिचं नाव इथे अजून कसं? ही तर हैदराबादला."

रेशनकार्डाची पिशवी अजून खांद्यालाच होती. त्यांनी गेमचं हँडल उचललं, चाचपडत चाचपडत 'डिलीट युजर' शोधलं आणि दाबलं. डब्याने विचारलं, नक्की? शामराव म्हणाले, नक्की. डब्याने पुन्हा विचारलं, अगदी नक्की? शामरावांना डब्याबद्दल आदर वाटला. कामाची पद्धत म्हणतात ती हीच. त्यांनी ओके दाबलं.

अक्षताचं नाव गेलं. आणि पाठोपाठ प्रत्येक गेमच्या चित्रावर एक छोटंसं कुलूप येऊन बसलं.

क्रिकेटवर दाबून पाहिलं. इंग्रजीत सूचना आली, या गेमच्या लायसन्सची पडताळणी होऊ शकत नाही.

लायसन्स! दुसरा कुठला शब्द असता तर शामराव घाबरले नसते.

त्यांनी डबा बंद करून चालू केला. प्लग काढून घातला. पुन्हा पुसला. कुलूप हलेना. घड्याळात बारा वाजले होते. शेवटी चष्मा चढवून ते कंपनीच्या मदतकेंद्राच्या चॅटवर गेले. पलीकडे प्रिती नावाची कुणीतरी होती. शामरावांनी रीतसर मजकूर धाडला, 'महोदया, विषय : क्रिकेटचे लायसन्स परत मिळणेबाबत. उपरोक्त विषयान्वये कळविण्यात येते की...' पुढे अकरा ओळी.

प्रितीचं उत्तर एका ओळीत आलं. ज्या खात्यावरून गेम विकत घेतले ते खातं डब्यावर परत आणा, मग सेटिंगमध्ये 'रिस्टोर लायसन्स' दाबा. आपण खातेदार आहात का?

'मी खातेदाराचा जन्मदाता आहे,' शामरावांनी लिहिलं.

'क्षमस्व. खातेदाराने स्वतः साइन इन करणं आवश्यक आहे.'

शामराव त्या वाक्याकडे बघतच राहिले. हे वाक्य त्यांनी स्वतः दिवसातून चाळीस वेळा उच्चारलं होतं. इतकं जिव्हारी लागतं, हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. (सांगितलं असणार. ते तेव्हा चहाला गेले असणार.)

मग त्यांनी डब्यात अक्षताचा ईमेल भरला. डबा म्हणाला, खातेदाराच्या मोबाइलवर सहा आकडी कोड पाठवला आहे.

म्हणजे अक्षताला फोन करणं आलं. पण सांगायचं काय? बाळ, तुझं नाव मी खोडलं, आता तूच ते परत लिही? त्यापेक्षा कारण न सांगता गोडीत कोड काढून घ्यावा, असा त्यांनी बेत केला. आता ही अक्षता एका बँकेत काम करते, आणि तिचं काम काय, तर फोनवरून लोकांना गंडवणारे पकडणं. तेवढं एक शामरावांच्या ध्यानातून गेलं.

"हॅलो, बाळा? जयभीम. जेवलीस का?"

"कोण बोलतंय?"

"अगं, पप्पा."

"पप्पा मला बाळा म्हणत नाहीत. काय पाहिजे?"

"काही नाही गं, तुझ्या मोबाइलवर एक नंबर आला असेल बघ. सहा आकडी. तेवढा सांग पटकन. आणि मम्मीला काही बोलू नको."

आता हे वाक्य जगातल्या कुठल्याही पोलिसाला ऐकवा, बेड्या घेऊनच येईल.

"हो का?" अक्षताचा आवाज एकदम ऑफिसातला झाला. "हल्ली मशीनवर कुणाचाही आवाज काढतात, माहितीये मला. पप्पा आहात ना? मग मम्मीचा वाढदिवस सांगा."

शामरावांनी भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं. "वाढदिवस... म्हणजे... पावसाळ्यात असतो."

"तारीख?"

"बारा... नाही, एकवीस. आकडे तेच असतात गं, पुढेमागे."

"लग्नाची तारीख?"

"रविवार होता," शामराव छातीठोकपणे म्हणाले.

"मी पाचवीत होते तेव्हा वर्गशिक्षिका कोण होत्या?"

"तू पाचवीत कधी होतीस?"

फोन कट. त्यांनी परत लावला. लागेना. पोटच्या मुलीने नंबर ब्लॉक केला होता.

तिकडे दादरला बकुळाबाई कांद्याच्या ढिगासमोर उभ्या असताना त्यांचा फोन वाजला.

"मम्मी, घाबरू नको," अक्षता धापा टाकत म्हणाली. "पप्पांचा फोन हॅक झालाय. कुणीतरी हुबेहूब त्यांच्या आवाजात कोड मागत होता. मी तुझा वाढदिवस विचारला, सांगता नाही आला. लग्नाची तारीख नाही, माझी इयत्तासुद्धा नाही!"

बकुळाबाईंनी हातातला कांदा दाबून बघितला. "मग हॅकबिक काही नाही गं. ते पप्पाच आहेत."

अर्ध्या तासात त्या घरी हजर. दार उघडताच त्यांना कुलपांची रांग दिसली, आणि समोर डब्याला टॉवेलने वारा घालणारा नवरा.

"काय केलंत?"

"गरम झालंय बहुतेक."

"अहो, काय केलंत ते विचारते मी!"

शामरावांनी सगळं सांगितलं. बकुळाबाईंनी कपाळावर हात मारला, अक्षताला फोन लावला आणि स्पीकरवर टाकला. नाव खोडल्याचं अक्षताला कळलं. ती हळू आवाजात म्हणाली, "पप्पा, माझं नाव तिथूनपण काढलंत?"

भांडली असती तर शामरावांना परवडलं असतं.

"तसं नाही गं," ते म्हणाले. "रेशनकार्डावरचं काढावंच लागतं. तिथल्या माणसाने तुझ्या नावावर रेघ मारली ना, तेव्हा मी दुसरीकडे बघितलं. मग घरी आल्यावर वाटलं, कामात आहोत तोवर सगळंच एकदम उरकू. नाहीतर पुन्हा हात धजावणार नाही."

फोनमध्ये कुणीतरी नाक ओढल्याचा आवाज आला. इकडे बकुळाबाईंनी कांद्याच्या पिशवीकडे बघत डोळे पुसले. (कांदे अजून चिरलेले नव्हते.)

"वेडे आहात तुम्ही," अक्षता म्हणाली. "घ्या कोड."

कोड घातला. अक्षताचं नाव परत आलं. बकुळाबाईंनी सेटिंगमध्ये जाऊन 'रिस्टोर लायसन्स' दाबलं, आणि एकेक करून कुलपं गळून पडली. सगळे मिळून चार मिनिटं. ना अर्ज, ना विषय, ना उपरोक्त. शामरावांना आत कुठेतरी जरा वाईटच वाटलं.

"आता एक करते," अक्षता म्हणाली. "पप्पांचंपण नाव घालते डब्यावर. घरात तिघं आहोत ना?"

शामराव एवढे खूश झाले की नवीन शर्ट घालून आले. अक्षता हैदराबादहून काहीबाही करत होती, मायलेकी हळू आवाजात बोलत होत्या, मध्येच हसत होत्या. शामरावांनी तिकडे लक्ष दिलं नाही. ते कांदा चिरत होते.

पाच वाजता बायका जमल्या. फायनल शेवटच्या ओव्हरपर्यंत रंगली आणि बकुळाबाई दोन रनांनी जिंकल्या. भज्यांची परात फिरली. त्या जल्लोषात शामराव घसा खाकरून म्हणाले, "आता एक ओव्हर आम्हीपण खेळू. आमचंपण नाव आहे म्हटलं."

त्यांनी ऐटीत हँडल घेतलं आणि आपल्या नावावर दाबलं. पडद्यावर एक हसरं अस्वल आलं आणि खाली मोठ्या अक्षरांत सूचना. शामराव, वय वर्षे आठ. बालखाते. सेटिंगमध्ये प्रवेश नाही. खेळण्यासाठी पालकांची परवानगी आवश्यक. पालक : बकुळा.

सगळ्यांच्या माना बकुळाबाईंकडे वळल्या.

"अक्षता म्हणाली, मोठ्यांच्या खात्यात डिलीटचं बटण दिसतं," बकुळाबाई शांतपणे म्हणाल्या.

शामराव भज्यांच्या परातीकडे वळले. काहीतरी तोंडात टाकल्याशिवाय हा प्रसंग निभणार नव्हता. पण सुभद्राबाईंनी परात चटकन मागे ओढली.

"आठ वर्सांचो झिल तो. भजी नको गो तेका, तिखट लागतली. बिस्कुट दी."

बकुळाबाईंनी बिस्किटांचा डबा पुढे केला. शामरावांनी दोन घेतली. बकुळाबाईंनी एक परत ठेवायला लावलं.