पथरई नदीची सोयरीक

नदी डोंगरात उगम पावते हा शाळेतल्या भूगोलाने पसरवलेला गैरसमज आहे. नदी उगम पावते ती दोन राज्यांच्या भांडणात. त्याआधी तो नुसता ओढा असतो. म्हशी त्यात डुंबतात, बायका धुणी धुतात आणि त्याचा मान कुणी राखत नाही.

झाशीपासून काही कोसांवरची पथरई अशीच पिढ्यानपिढ्या मानाशिवाय वाहत होती. पुढे झाशीचं जंक्शन झालं, चारी दिशांनी तहानलेली इंजिनं येऊ लागली आणि पथरईचे दिवस पालटले. वरच्या अंगाला बरेठी संस्थान होतं. त्याने नदीवर बंधारा घालून त्याला फळ्यांचं दार बसवलं. मधल्या पट्ट्यात सरकारी मुलूख, तिथे रेल्वेचा पूल आणि पुलाखालच्या डोहावर रेल्वेचा पंप. खालच्या अंगाला कनेरा संस्थान. दोन्ही संस्थानांना स्वतंत्र झेंडा, स्वतंत्र तोफ आणि (फक्त एकमेकांपुरतं) परराष्ट्रखातं होतं. तेव्हा पाण्याचा प्रश्न आंतरराष्ट्रीय झाला यात नवल नाही.

कनेऱ्याच्या हद्दीत, नदीच्या वाळूत, चंपा नावाची बाई खरबुजांची आणि काकड्यांची बाडी, म्हणजे वेलांचा मळा, लावत असे. वाळूत ओल असली की वेल धरतात, नसली की जळतात. बंधाऱ्याचं दार लागल्यापासून तिची वाळू कोरडी पडत चालली होती. यात परराष्ट्रीय असं काहीच नसल्यामुळे कराराच्या एकाही मसुद्यात तिचा उल्लेख सापडत नाही.

तंटा मिटवायला 'संयुक्त पथरई मंडळ' स्थापन झालं. चिटणीस कोण? बरेठीचा माणूस कनेऱ्याला नको, कनेऱ्याचा बरेठीला नको, आणि रेल्वेच्या साहेबाला ऊन नको. शेवटी माळ पडली ती रेल्वेच्या पाणीखात्यातले कारकून अनंतराव यांच्या गळ्यात. ते साताऱ्याकडून नोकरीसाठी आलेले. दोन्ही राज्यांविषयी त्यांना काडीची माहिती नव्हती, आणि निःपक्षपातीपणाची याहून भक्कम व्याख्या जगात अजून कुणाला सापडलेली नाही.

बातमी पसरल्यावर चंपा नेहमीप्रमाणे टोपली घेऊन त्यांच्या दाराशी आली. काकड्या निवडायच्या आधीच तिने विचारलं, "भैया जी, अब तो तुमई मालिक हो. होरी तक पानी छूट जैहै?"

अनंतराव भिडस्त. तोंडातून निघून गेलं, "होली से पहले छूट जाएगा, बाई."

ती गेल्यावर त्यांची बायको सिंधू म्हणाली, "अहो, शब्द देऊन बसलात. आता पाळा म्हणजे झालं."

शब्द पाळायचा तर पद्धत माहीत हवी. म्हणून अनंतराव आबासाहेबांकडे गेले. आबासाहेबांचे पूर्वज सुभेदाराच्या फौजेबरोबर इकडे आले आणि इकडचेच झाले. झाशीतल्या मराठी घरांतलं एकही लग्न त्यांच्यावाचून लागलेलं नव्हतं. (त्यांच्यामुळे मोडलेली लग्नं वेगळी.) त्यांनी सगळी हकीगत ऐकली आणि पानाला चुना लावत म्हणाले, "अहो अनंतराव, घबराता कशाला? दोन घराणी, मधे एक मुलगी आणि देण्याघेण्याची बोलणी. याला सोयरीक म्हणतात. आपल्याकडे त्याचा पूरा कायदा आहे. पहले मानपान, मग याद्या, मग मुहूर्त. पाणी कुठे पळून जातंय?"

पाण्याविषयीचं हे विधान मंडळाने पुढे बोधवाक्य म्हणून स्वीकारलं.

पद्धत दोन्ही दरबारांना बेहद्द आवडली. इतका मान त्यांना स्वतःच्या दरबारातही मिळत नव्हता. पहिल्या वर्षाच्या बैठकांपैकी निम्म्या खुर्च्यांच्या उंचीवर झाल्या, पाव विड्यांवर, आणि एक सोडून उरलेल्या मागच्या बैठकीत कुणाचा विडा लहान होता त्यावर. पाण्याच्या विषयावर झाली ती एकच. प्यायला दिलेलं पाणी गार नव्हतं.

मग मूळ प्रश्न आला. नदी बरेठीहून कनेऱ्याला जाते, म्हणजे बरेठी माहेर आणि कनेरा सासर, हे कुणालाही कळेल. पण मग बरेठीचे राजे मुलीकडचे ठरत, आणि मुलीकडच्यांनी वाकायचं असतं. राजेसाहेबांच्या घराण्यात वाकण्याची चाल नव्हती. त्यांच्या दिवाणाने नदीलाच नवरदेव ठरवण्याचा ठराव आणला. तो मंजूर होताहोता कनेऱ्याच्या लक्षात आलं की आता मुलीकडचे आपण. ते जेवणाच्या ताटावरून उठून गेले. रुसवा काढायला हत्ती पाठवावा लागला.

एवढ्यात होळी होऊन गेली. चंपा आली ती अर्धीच टोपली घेऊन.

"याद्या चल रहे हैं, बाई," अनंतराव म्हणाले.

"यादी से का जड़ भींजत है, भैया जी?" तिने विचारलं. अनंतरावांनी त्या दिवशी लागत नसताना सगळी टोपली घेतली.

पेच सोडवला आबासाहेबांनीच. दोघांनाही वरपक्ष व्हायचंय ना? होऊ द्या. नदी रेल्वेला दत्तक द्या. मुलीचा बाप रेल्वे! इंजिनाला वाकायची लाज नाही आणि साहेबाला मराठी समजत नाही. साहेबाने आनंदाने सही केली, कारण शास्त्र स्पष्ट होतं: लग्न लागेपर्यंत मुलगी बापाच्या घरी राहते. बंधाऱ्यापासून रेल्वेच्या पंपापर्यंत लोखंडी नळ टाकण्यात आला. बदल्यात बरेठीच्या राजेसाहेबांसाठी फलाटावर लाल गालिचा मंजूर झाला. नवरीचं केळवण म्हणून इंजिनं पोटभर पाणी पिऊ लागली. आंतरराष्ट्रीय सहकार्याचं इतकं गोंडस उदाहरण त्या शतकात दुसरं नसेल.

आता बाप म्हणेल लग्न लांबलं तरी चालेल, आणि दोन्ही व्याही म्हणतील मान राहिला तर लांबू दे. घाई एकट्या चंपाला होती, पण ती कुठल्याच पक्षात नव्हती.

अनंतरावांना मात्र ती दाराशी आली की चोरट्यासारखं होई. शेवटी एका बैठकीत त्यांनी धीर करून सुचवलं, "तूर्त दाराची एक फळी काढावी. नुसती वाळू ओली होईल एवढंच पाणी."

आबासाहेबांनी कानांवर हात ठेवले. "लग्नाआधी मुलगी सासरी? अनंतराव, आपल्याला लेकीबाळी आहेत की नाहीत? लोक काय म्हणतील?"

लोक काय म्हणतील, हा प्रश्न ज्याच्यापुढे कुठलाही कायदा टिकत नाही असा एकमेव कायदा आहे. अनंतराव खाली बसले. हात वर करून आणखी एकदा बोलायला हवं होतं, हे त्यांना कळत होतं. पण नोकरी होती, क्वार्टर होतं, आणि समोरून विडा आला होता. तो त्यांनी घेतला.

त्या साली पाऊस चांगला झाला. पथरई दुथडी भरली, बंधारा काठोकाठ भरला. पण तोवर चातुर्मास लागला होता आणि चातुर्मासात लग्नं लागत नाहीत. मंडळाने पाणी पाहून समाधान व्यक्त केलं आणि बैठका तहकूब केल्या. पुढे पौष आला, तोही वर्ज्य. मग गुरूचा अस्त. सगळे अडथळे पार करून सर्वांना मानवणारा मुहूर्त निघाला तो जेठातला, ऐन उन्हाळ्याच्या अखेरीचा.

लग्न झाशीला, लक्ष्मी ताल नावाच्या तळ्याच्या बाजूला लागलं. रुखवतात दोन्ही दरबारांनी पितळेच्या घागरी मांडल्या, उतरत्या आकाराने, चकाचक घासलेल्या. करारावर सह्या झाल्या. पाण्याचे तीन सारखे वाटे, कायमचे. मग वऱ्हाड खास गाडीने पथरईच्या पुलापर्यंत आणि तिथून मेण्यांतून बंधाऱ्यावर गेलं. दारापुढे अंतरपाट धरला होता. गेले कित्येक महिने बंधाऱ्यात डोकावून बघण्याचं कुणाच्या मनातही आलं नव्हतं, कारण मुलगी पाहण्याचा कार्यक्रम पहिल्याच वर्षी उरकला होता, आणि ठरलेली मुलगी पुन्हा पाहणं असभ्यपणाचं.

मंगलाष्टकं झाली. अक्षता पडल्या. अंतरपाट दूर झाला, फळ्या उपसल्या गेल्या आणि दारातून एक बेडूक बाहेर आला.

त्याच्या मागे काहीच आलं नाही. आत भेगाळलेला चिखल होता, आणि रेल्वेच्या नळाचं तोंड त्यात वाकून अजून हवा ओढत होतं.

मग बरेठीच्या दिवाणाने कराराची प्रत वाचून पाहिली आणि करार तंतोतंत पाळला गेल्याचं जाहीर केलं. शून्याचे तीन सारखे वाटे करताना कुणाला कमी-जास्त मिळालं नाही, एकही तंटा झाला नाही. तोफा उडाल्या. आबासाहेबांच्या डोळ्यांत पाणी आलं. (बंधाऱ्यावर त्या दिवशी दिसलेलं पाणी एवढंच.)

गर्दी पांगली तेव्हा काठावर चंपा उभी होती, रिकामी टोपली डोक्यावर उलटी घेऊन. उन्हाला तेवढीच सावली. ती अनंतरावांना म्हणाली, "काए भैया जी, ब्याव तो हो गओ. बिटिया कितै है?"

अनंतराव नळाच्या तोंडाकडे बघत राहिले. मुलगी कुठे गेली ते त्यांना माहीत होतं. ते तिच्या बापाच्याच नोकरीत होते. खिशात हात घालून त्यांनी चंपाला दिलं ते लग्नातलं पान. तिने ते घेतलं, डोळ्यांना लावलं आणि टोपलीखाली चालू लागली. पुढच्या वर्षापासून दारावर काकड्या घेऊन कुणी आलं नाही. मंडळाची नवी कचेरी बांधायला घेतली तेव्हा चुन्याची घमेली वाहणाऱ्या बायकांत ती सिंधूला दिसली. तो चुना कालवायला पाणी रेल्वेच्या टाकीतून येत होतं.

ही हकीगत ऐकून माणसं हसतात. हसावं. पण पथरईच्या पुलावर गाडी हळू होते, आणि डब्यातली तीच माणसं लगबगीने खिडकीशी सरकतात, हात जोडतात, 'गंगे, यमुने' पुटपुटतात आणि खाली पैसा टाकतात. तो खणकन वाजतो. पाण्यात पडलेला पैसा वाजत नसतो, हे आपल्याही ध्यानात आलं असेल. पण तोवर पूल मागे पडलेला असतो, आणि आपण जेवणाचा डबा उघडलेला असतो.