काचांची अंघोळ

सोमादादा अंघोळ करायचा ती घमेल्यात उभा राहून. अंगावरून उतरलेलं पाणी घमेल्यात. मग त्यातच बनियन खळबळायचं, आणि ते गढूळ पाणी दारातल्या झुडपाला. रिकामं घमेलं पालथं घालताना पण त्याचा जीव कासावीस व्हायचा.

आम्ही दोघं सूर्यमाळच्या एकाच पाड्यावरचे. उन्हाळ्यात ओहोळात झिरा खणायचा, झिरपेल तेवढं पाणी वाटीवाटीनं भरायचं, असली आम्ही माणसं. आणि काम मिळालं कुठं? राजस्थानच्या वाळवंटात, सोलरच्या काचा धुवायचं! टँकर यायचा, आम्ही पाइप धरायचा आणि काचांवरची धूळ घालवायची.

दादाला ते बघवायचं नाय. एकेका काचेशी भांडायचा. "माजलीस काय गं? काल तर न्हालीस!" माझी बादली हिंदकळली की मला, "हळू रं! बापानं विहीर आणलीय का तुझ्या?" माझ्या बापानं आयुष्यात एक कोंबडी आणली, ती पण पळाली. विहीर कुठली आणतोय!

मी तर दादाहून शहाणा. तिथली माणसं डोक्याला फडकं गुंडाळून फिरतात. एका दुपारी मी माझं काढून फेकलं. म्हटलं, "हम पहाड का आदमी. धूप हमको क्या करेगा?"

काय केलं ते मला विचारू नका, मी आडवा होतो. मग तोंडावर पाण्याचा लोंढा आला. वाटलं, मेलो, आणि स्वर्गात नळयोजना पोचली हाय. डोळे किलकिले केले तर दादा टँकरचा पाइप माझ्यावर धरून उभा. सुपरवायझर बोंबलतोय, "पूरा टँकर खाली कर दिया!"

"काचा उद्या धू," दादा म्हणाला. "आज माणूस धुवायचा हाय."

म्हणून आज मी तुमच्यापुढं बडबडतोय.

संध्याकाळी खोलीत जाग आली. दादा उशाशी बसून माझ्याच फोनवर माझ्या बायकोशी बोलत होता. त्याची बायको कधीच गेली, पोरबाळ नाय. फोन लावावा असं त्याला पाड्यावर कुणी नव्हतं.

"नाय गं बाय, बरा हाय तो. जेवून झोपलाय... झिऱ्याला पाणी हाय का?... बकरी व्याली? दोन? बरं झालं... नाय नाय, ठेवू नको. अजून सांग. मला काय काम नाय, सांग तू."

माझ्या घशाला कोरड पडली होती. तांब्या हाताशीच होता. पण मी डोळे मिटून तसाच पडून राहिलो.