उशिराच्या गाठी

धाकट्या भावाच्या लग्नाच्या मांडवासाठी वाहरूने जंगलातून सागाचे चार डांब तोडले. तेवढ्याने इंग्रज सरकारचं जंगल दुबळं झालं, म्हणून त्याला तीन महिने तुरुंगात बसवलं. त्याची बायको फुलवंताबाई सातपुडा उतरून नंदुरबारला शांतीलाल वकिलांकडे आली. वकिलांची बैठक मिरचीच्या वखारीवर. तिथे बसणाऱ्या प्रत्येकाचे डोळे वाहत, वकिलांचेही. त्यामुळे हा माणूस फार कनवाळू, अशी त्यांची तालुकाभर ख्याती होती.

"अपील करसूत," डोळे पुशीत ते म्हणाले, "पन त्याना आंगठा आनि निकालनी नक्कल लई तीस दिनमा ये."

फुलवंताबाईने घरी येऊन दोरीला तीस गाठी मारल्या आणि ती खुंटीला अडकवली. रोज एक सोडायची, शेवटची सुटली की निघायचं. डोंगरात लग्नाची आवतणं अशीच जातात. दोरी संपायच्या आधी कुणाच्या दारात उभं राहणं म्हणजे हावरटपणा, आणि सरकारसारख्या मोठ्या घरी तर तो मुळीच शोभत नाही.

त्याच खुंटीला लग्नाची अडतीस गाठींची दोरी टांगलेली होती. ती आपल्या मामाकडे पोचवायला खुद्द नवरदेव, जालमसिंग, निघाला. नवरदेवाच्या हाताला आखूड दोरीच लागली, हे जगरहाटीला धरूनच झालं.

तिसाव्या दिवशी फुलवंताबाईच्या दोरीला आठ गाठी शिल्लक होत्या आणि अंगणात ढोल वाजवत मामाकडचे साठ पाहुणे हजर होते. तेव्हा तिला घोटाळा कळला. पण नवरीकडे धाडलेली दोरी बरोबर अडतीस गाठींची, म्हणजे नवरी यायला अजून आठ दिवस. आणि साठ माणसं जेवायला बसवून घरची बाई कोर्टात जात नाही. पाहुणे आठ दिवस जेवले, लग्न लागलं, नवव्या दिवशी ती डोंगर उतरली आणि दहाव्या दिवशी अपील धुळ्याच्या कोर्टात दाखल झालं.

"माले ताप व्हता, आसं सांगजो," वकिलांनी शिकवलं.

"ताप नव्हता, भाऊ. पाहुणा व्हतात."

"कायदाले ताप समजस, बाई. पाहुणा समजतस नही."

तरी तिने पाहुणेच सांगितले. जज्जसाहेबांनी दिवसागणिक खुलासा मागितला. तिने दिला: पहिल्या दिवशी कोंबड्या, दुसऱ्या दिवशी उडदाची डाळ, चौथ्या दिवशी मामाचं पोट बिघडलं म्हणून नुसती पेज. कारकुनाने पेजेपर्यंत सगळं लिहून घेतलं. मग साहेबांनी पुरावा विचारला, तेव्हा तिने दोरी पुढे केली.

साहेबांनी ती उलटीसुलटी पाहिली. "यात गाठी कुठे आहेत?"

"रोज सोडी टाक्यात ना, साहेब."

गाठ नसलेली दोरी हा कशाचाच पुरावा होत नाही, म्हणून तारीख पडली. पुढल्या तारखेला मामाची दोरी आली, तीही मोकळी. पुन्हा तारीख. मग सरकारी वकिलांनी दोन्ही दोऱ्यांची लांबी मोजून मागितली, तर फूटपट्टी नाझराच्या कपाटात आणि नाझर रजेवर. पुन्हा तारीख.

अखेर हुकूम वाचला गेला. दहा दिवसांचा उशीर कोर्टाने मोठ्या मनाने माफ केला होता. वाहरूला तुरुंगातून सोडावं की नाही, याचा विचार आता सुरू होणार होता.

शांतीलाल वकिलांनी मागे वळून पाहिलं. मागच्या बाकावर वाहरू बसला होता. शिक्षा पुरी भोगून तो कालच सुटला होता. भावाची नवरी त्याने अजून पाहिली नव्हती.

फुलवंताबाईने कमरेची तिसरी दोरी काढून पट्टेवाल्याच्या हातात दिली. ही गाठींनी गच्च होती. अपील दाखल झाल्यापासून रोज एक, अशी तिने मारत आणलेली.

"साहेबले सांगा," ती हळूच म्हणाली, "गाठी मांग्यात ना, ह्या ल्या. एकावन शेतस. ह्या कोन माफ करी?"

साहेबांनी दोरी घेतली, पाच-सहा गाठी बोटांनी मोजल्या आणि सवयीने पुढची तारीख दिली.

शांतीलाल वकिलांनी डोळे पुसले. धुळ्याच्या कोर्टाखाली मिरचीची वखार नव्हती.