माईक चालू होता

यावेळचा गाण्यांचा सेट घरीच वाजवून ठेवायचा असं मी ठरवलं, त्याला कारण फक्त माझी कंबर. डीजे म्हटलं की लोकांना कानात डूल घातलेला पंचविशीतला पोरगा दिसतो. मी पन्नाशी ओलांडलीय आणि काळ्या टी-शर्टच्या आत पट्टा बांधतो. (मी इतका ताठ उभा राहतो तो आत्मविश्वासाने, असं गर्दीला वाटतं.)

तरुणपणी मी रिमिक्स करायचो. म्हणजे कुणीतरी जीव ओतून गायलेलं जुनं गाणं घ्यायचं, त्याला पळवायचं आणि खाली धडाम-धडाम घालायचं. त्यातले एक-दोन बरे चालले, मग लग्नं, दुकानांची उद्घाटनं, कंपन्यांचे वर्धापनदिन अशी कामं मिळत गेली. वडील मात्र शेवटपर्यंत नातेवाइकांना मी ‘विजेच्या कामात’ आहे म्हणून सांगत राहिले. आता तो जुना उत्साह उरलेला नाही. समोर लोक बेभान होऊन नाचत असतात आणि मी मनात परतीच्या टॅक्सीचा विचार करत असतो.

तर एका कंपनीचं स्नेहसंमेलन होतं. हॉटेलच्या पोहण्याच्या तलावाकाठी, भर दुपारी. डॉक्टरांनी अजिबात वाकू नका असं बजावलेलं, आणि आमचा धंदा म्हणजे यंत्रावर वाकून उभं राहणं. म्हणून आदल्या दिवशी मी बेडरूममध्ये, पाठीला उशी लावून, हेडफोन घालून अख्खा सेट वाजवला आणि रेकॉर्ड केला. आता तिथे जाऊन एक बटण दाबायचं आणि मग उगाच बाकीची फिरवत राहायचं. (आमच्यात हे पाप समजतात. पण पाप करणाऱ्यांची कंबर कुणी बघत नाही.) रेकॉर्ड झालेलं एकदा ऐकायला हवं होतं, हे खरं. पण स्वतःचंच धडाम-धडाम पुन्हा ऐकायचं त्राण माझ्यात नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सुरुवात नेहमीसारखीच झाली. साहेबलोक हातात प्लेट धरून, आपला नाचाशी काही संबंध नाही अशा चेहऱ्याने उभे होते. पहिलं गाणं संपत आलं, ठेका थांबला, सूर हळूहळू चढायला लागला, आणि माणसाएवढ्या उंच स्पीकरमधून आवाज आला, “नाही गं, इथेच बसलेत. कानाला लावलंय ना, काही ऐकू येत नाही त्यांना.”

मी दचकून मागे वळून बघितलं. (हा आवाज आला की वळायचं, ही इतक्या वर्षांची सवय.) मागे बायको नव्हती. मग हळूहळू उजेड पडला. गर्दीला ‘हात वर’ म्हणून सांगायचा माझा माईक काल रेकॉर्ड करताना बेडरूममधल्या टेबलावर चालूच राहिला होता, आणि ही पलंगावर कपड्यांच्या घड्या घालत बहिणीशी फोनवर बोलत होती.

आता बंद करावं, तर मी काहीच वाजवत नाही हे सगळ्यांना कळणार. या लाइनीत असली बातमी फुटली की पुन्हा कुणी बोलवत नाही. चालू ठेवावं, तर ही पुढे काय बोललीय याचा पत्ता नाही. कार्यक्रमाचे मॅनेजर काळा चष्मा लावून शेजारीच उभे. मी दोन्ही हात बटणांवर ठेवले, चेहरा गंभीर केला आणि मान डोलवायला लागलो.

“परवा केस काळे केलेत,” स्पीकर म्हणाला. “सगळा रंग उशीला.”

आणि नेमका तेव्हाच थांबलेला ठेका धाडकन परत आला. लोकांना वाटलं, हे मुद्दाम केलंय. प्लेटा खाली ठेवल्या गेल्या. पुढच्या गाण्याच्या थांब्यावर ही म्हणाली, “नाचायचं कुठलं? मोजे घालायला मला हाक मारतात.” त्यावर सगळा तलावकाठ ‘मोजे, मोजे’ म्हणून ओरडायला लागला. हिशेब खात्यातल्या एका भारदस्त गृहस्थांनी तर स्वतःचे मोजे काढून डोक्यावर गरगर फिरवले. इतक्या वर्षांत माझ्या कुठल्याच गाण्याने असं कुणाला काही काढायला लावलं नव्हतं.

शेवटी शेवटी तिचा आवाज खाली आला. “थकलेत गं. बोलत नाहीत, पण मला कळतं.” तोवर इतका गोंधळ माजला होता की ते कुणाला ऐकू गेलं नाही. मला गेलं. मी एक बटण उगाच बराच वेळ फिरवत राहिलो.

कार्यक्रम संपल्यावर मॅनेजर खूश होऊन आले. हा साउंड अगदी नवा आहे म्हणाले, आणि गायिका कोण ते विचारलं. मी म्हटलं, घरगुती आहे.

टॅक्सीत मी घरी काय सांगायचं त्याची तालीम करत बसलो. ती फुकट गेली. कुणीतरी काढलेला व्हिडिओ फिरत फिरत मेहुणीकडे पोचला होता आणि मेहुणीने तो हिला पाठवला होता. मी दारात शिरलो तेव्हा ही डायनिंग टेबलाशी, चष्मा नाकावर घेऊन, तोच बघत होती. मी चपला न काढताच सगळं सांगून टाकलं. माईकचं, कमरेचं, आधी न ऐकल्याचं. वर माफी मागितली.

तिने व्हिडिओ शेवटपर्यंत बघितला. मग पुन्हा सुरुवातीपासून लावला. मी तसाच चपलांसकट उभा राहिलो.

“आवाज बरा आलाय माझा,” ती म्हणाली.

मी सुटकेचा श्वास सोडून खुर्चीत बसलो. तिने फोन माझ्यासमोर धरला आणि पडद्यावरच्या मला बोटाने मोठं केलं.

“एक सांगा. एवढी माणसं नाचतायत, सगळी बरोबर तालात. मागून प्लेटा उचलून चाललेला तो वेटरसुद्धा तालात चाललाय. मग तुमच्या एकट्याचीच मान तालाला कशी चुकतेय?”