काळ्या सिनेमांचे गफूरमियाँ

गफूरमियाँना इंग्रजीचे तीन शब्द येत: ‘कम’, ‘डार्लिंग’ आणि ‘फिनिश’. एवढ्या भांडवलावर ते दर रविवारी सकाळी अख्ख्या थेटराला इंग्रजी सिनेमा समजावून सांगत.

वऱ्हाड तेव्हा मध्यप्रांताला जोडलेला होता आणि मी पुण्याहून खामगावच्या एका शाळेत इंग्रजीचा मास्तर म्हणून नुकताच आलो होतो. गावातल्या थेटरात रविवारी दहाला इंग्रजी बोलपट लागे. नागपूर-अकोला करत इथवर येईतो त्याच्या फिती इतक्या झिजलेल्या असत, की पडद्यावर भर उन्हातही पाऊस पडे. भाषा कुणालाच कळत नसे. म्हणून पडद्याच्या डाव्या अंगाला, एका खोक्यावर, हातात कापड मोजायचा गज घेऊन गफूरमियाँ उभे राहत. बाकीचे सहा दिवस ते बाजारातल्या आपल्या दुकानात कोट शिवत.

त्यांना सगळेच सिनेमे चालत असं नाही. घोडे, तलवारी, नाच असले, की ते खोक्यावर चढायलाच कुरकुरत. पण दुसरी मोठी लढाई संपायच्या सुमारास अमेरिकेहून एका निराळ्या जातीचे सिनेमे येऊ लागले होते. ओले रस्ते, लांब कोट, तिरप्या टोप्या, अर्ध्या चेहऱ्यावर अंधार, आणि शेवटी नायक मेलेला नाहीतर पकडलेला. गफूरमियाँ त्यांना ‘काळे सिनेमे’ म्हणत आणि त्यांच्यावर जीव टाकत. पडद्यावर बघून बघून त्यांनी तसाच एक पायघोळ कोट स्वतःसाठी शिवला होता. मे महिन्यात, खामगावच्या उन्हाळ्यात, तो घालून ते यायचे.

“उकडत नाही का हो?” मी एकदा विचारलं.

“उकडते ना! पर थो हिरो तिकडं मरून राह्यला, आन् मी इथं काय बनियनवर उभा राहू?”

सिनेमा सुरू होऊन दहा मिनिटं झाली, की नायक कुठल्या तरी बंगल्याची घंटा वाजवी. एक देखणी बाई दार उघडायची. गफूरमियाँ खोक्यावर गज आपटून ओरडत, “फसला!” मागोमाग सगळं थेटर “फसला!” म्हणे. ही आरोळी पुढे गावभर झाली. नवरदेवानं हार घातला, की मांडवातून कुणी तरी हळूच “फसला” म्हणायचं. माझी ओळख करून दिली तेव्हा गफूरमियाँनी मला टोपीपासून चपलेपर्यंत न्याहाळलं आणि हळहळून तेच म्हटलं होतं.

पण माणूस नुसता विनोदी नव्हता. नायक खिडकीपाशी आला आणि तिच्या आडव्या पट्ट्यांच्या फटींतून उजेड त्याच्या अंगावर पडला, की ते गजानं दाखवत, “पाहा बे, कसे पट्टे पट्टे पडले! खून आजून केला नाही यानं, पर जेलाच्या सळया आताच आंगावर आल्या.” पुष्कळ वर्षांनी हाच विचार मी एका विद्वानाच्या जाड पुस्तकात वाचला. खामगावच्या कापसाच्या जिनातल्या मजुरांना तो आधीपासून पाठ होता.

एकदा पुढच्या स्वस्तातल्या पिटातून कुणी तरी विचारलं, “चाचा, या सिनेमात देव काऊन नाही?”

“पोलीस हायेत ना.”

“थे तं झोपून राह्यले!”

“मंग आपन काहाले बसलो इथं? तुमीच पाहा कोनाचं चुकलं थे,” गफूरमियाँ म्हणाले, आणि पाचशे माणसं खरोखर सावरून बसली.

त्यांची एकच गोष्ट मला खटके. या सिनेमांतली बाई बहुधा दगाबाज असे. लोक तिला शिव्या घालू लागले, की गफूरमियाँ चिडत आणि सरळ गोष्टच बदलून टाकत. एका सिनेमात घड्याळजीची बायको प्रियकराकडून नवऱ्याला जिन्यावरून ढकलवते आणि मग प्रियकरालाच पोलिसांच्या हाती देते. शेवटी ती थंडपणे म्हणते, “मी तुझ्यावर कधीच प्रेम केलं नाही.” गफूरमियाँनी सांगितलं, “थे म्हनते, पळ राजा, माह्यासाठी मरू नोको!” बायकांच्या बाजूला पदर डोळ्यांना लागले.

मी तरुण होतो, इंग्रजीचा मास्तर होतो. मला राहवलं नाही. मी थेटरच्या शेठजींना जाऊन सांगितलं, की हे सगळं खोटं आहे.

“मग पुढच्या रविवारी तुम्हीच सांगा मास्तर. तोच सिनेमा आहे,” शेठजी म्हणाले.

त्या रविवारी खोक्यावर चढलो तेव्हा तिसऱ्या रांगेत, कोट घालून, गफूरमियाँ बसलेले दिसले. मी एकेक वाक्य अचूक सांगू लागलो. पण माझं एक वाक्य पुरं होईतो पडद्यावरची माणसं पुढची चार बोलून मोकळी होत. मी घड्याळजीचं भाषांतर करत होतो, तोवर घड्याळजी जिन्यावरून पडलाही. “मास्तर, व्याकरन नोको, गोष्ट सांगा!” मागून कुणी ओरडलं. शिट्ट्या सुरू झाल्या. सिनेमा संपला तेव्हा माझा सदरा पाठीला चिकटला होता.

गफूरमियाँ जवळ आले. आता टोमणा येणार म्हणून मी मान खाली घातली.

“मास्तर, थे बाई पह्यल्या वक्ताले नवऱ्यापाशी बसली होती. तवा तुमी काय सांगतलं? या घरात...”

“या घरात माझी बोलायची पाळीच येत नाही, असं म्हणाली ती.”

“खरंच म्हनली?”

“हो.”

त्यांनी कोट काढून हातावर घेतला आणि निघून गेले. गफूरमियाँना गप्प बघायची माझी ती पहिलीच वेळ.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी माफी मागायला दुकानात गेलो. त्यांनी मला बसवलं, चहा सांगितला, आणि बराच वेळ एका बाहीला टाके घालत राहिले.

“माही बायको, जैनब, रोहिणखेडले भावापाशी राह्यते,” ते म्हणाले. “सात सालं झाली. लोक म्हनतात, तिचंच काही असंन. तिचं काहीच नोतं, मास्तर. तिले स्वताची शिवायची मशीन पाहिजे होती. थे सांगाले तोंड उघडे, आन् मी माहीच गोष्ट चालू करू. एक दिवस गेली निघून. मी तवा पन बोलतच होतो.”

थोड्या वेळानं म्हणाले, “मले लिहिता येत नाही. एक चिठ्ठी लिहून द्यान का? तिचा भाऊ वाचून दाखवते.”

मी कागद काढला. अडीच तास न थांबता बोलणारा हा माणूस “लिहा, जैनब...” म्हणून थांबला तो थांबलाच. चहा थंड झाला. शेवटी एवढंच बाहेर पडलं: “तू बोल. मी आयकतो.”

खोक्यावरची जागा त्यांना लगेच परत मिळाली. फक्त एक बदल झाला. मी शेजारी बसायचं आणि बाई बोलू लागली, की तिचे खरे शब्द त्यांच्या कानात सांगायचे. मग ते सांगताना हात उंचावून थेटर शांत करत. बाई आता दगाबाज असली तर दगाबाजच राही. शिव्या मात्र कमी झाल्या.

पंधरा दिवसांनी उत्तर आलं. भरदुपारी ते पत्र घेऊन धावतच माझ्या खोलीवर आले. मी वाचलं: “मी बरी आहे. मशीन घेतली. काम पुष्कळ आहे. तुम्ही दुपारी जेवता की तसेच राहता?”

“आनखी?”

“एवढंच आहे.”

त्यांनी मला ते तीनदा वाचायला लावलं. मी दौत पुढे ओढली आणि विचारलं, काय लिहू?

“थांबा जराक,” ते म्हणाले. “तुमच्या इथं भाकर असंन का?”

मी डब्यातली भाकरी आणि पिठलं पुढे ठेवलं. त्यांनी हात धुतले, मांडी घालून बसले, पहिला घास नीट चावून खाल्ला, पाणी प्यायले.

“आता लिहा,” ते म्हणाले. “हाव, जेवतो.”